चंद्रकळांचा मोर्चा

सरकारविरुद्ध मी आयुष्यात एकदाच रस्त्यावर उतरले, आणि तेही हळदीकुंकवाला जाताना.

त्या वेळी आम्ही बंगळूरला चामराजपेटेत राहत होतो. आमचे हे सचिवालयात होते. (विधानसौध नवाकोरा, आणि ह्यांचं टेबल मात्र जुन्या इमारतीतून उचलून आणलेलं.) ह्यांचं सुपरिंटेंडेंट व्हायचं घाटत होतं. कागद मोठ्या साहेबांच्या सहीला गेला होता, आणि सही होईपर्यंत घरात कोणी जोरात शिंकायचंही नाही असा दंडक होता. सरकारी नोकराच्या घरच्यांनी मोर्चे-निदर्शनांच्या वाऱ्यालाही उभं राहायचं नाही, हा नियम तर हे रोज जेवताना आमटीबरोबर वाढायचे.

"मला मोर्चाला वेळ आहे कुठे?" मी म्हणायचे. आणि ते खरंच होतं. माझा वेळ सगळा याद्या करण्यात जायचा. वाण्याची यादी, धोब्याची यादी, कोणाच्या मुंजीला काय दिलं त्याची यादी. आमच्या महिला मंडळाची मी चिटणीस झाले ती याच गुणामुळे. (दुसरं कोणी तयार नव्हतं, हेही एक कारण होतं.)

माझं माहेर सातारचं. सासरची मंडळी मात्र तीनशे वर्षांपूर्वी इकडे येऊन राहिलेली. त्यांनी मराठी टिकवली, पुरणपोळी टिकवली, पण संक्रांतीला काळं नेसायचं ती साफ विसरली होती. मंडळात माझ्यासारख्या माहेराहून नव्यानं आलेल्या पुष्कळ होत्या. त्या वर्षी मी ठराव मांडला, की संक्रांतीच्या हळदीकुंकवाला सगळ्यांनी चंद्रकळाच नेसायची. भावाला लिहून साताऱ्याहून एकगठ्ठा काळ्या साड्या मागवल्या.

सासूबाईंनी गठ्ठा पाहिला आणि त्या जपाची माळ खाली ठेवून बसल्या.

"सुमती, हब्बाला, सणासुदीला काळं? आमच्यात सुतकातसुद्धा नेसत नाहीत हो."

"अम्मा, काळं ऊन धरून ठेवतं. थंडी वाजत नाही."

"बंगळुरात थंडी स्वल्प. अक्कल मात्र भरपूर," असं म्हणून त्यांनी ट्रंकेतून आपली हिरवीगार इरकली काढली.

संक्रांतीच्या सकाळी पोहे खाताना हे बराच वेळ काहीतरी सांगत होते. कोणी एक मंत्री शेजारच्या रस्त्यावर वाचनालयाचं उद्घाटन करायला येणार होते, बसभाडं वाढल्यामुळे विद्यार्थी त्यांना काळी निशाणं दाखवणार होते, आणि स्वागताचं काम ह्यांच्याकडे आलं होतं. "साहेबांनी बजावलंय, मंत्र्यांच्या नजरेला काळं काही पडता कामा नये. पोलिस छत्र्यासुद्धा काढून घेणार आहेत." मी त्या वेळी वाणाच्या चहागाळण्या मोजत होते. मी म्हटलं, "हो, मफलर घेऊन जा." हे आपली काळी छत्री खुंटीला ठेवून, पांढरी टोपी घालून, हाराचं तबक सांभाळत निघून गेले.

आता माझी व्यवस्था ऐका. आदल्या वर्षी बायका मंडळाच्या खोलीवर आपापल्या सोयीनं आल्या होत्या. पहिली आली तेव्हा रांगोळी व्हायची होती आणि शेवटची आली तेव्हा समया मालवल्या होत्या! म्हणून या वर्षी सगळ्यांनी आधी आमच्या घरी जमायचं आणि तिथून दोघी-दोघींच्या रांगेनं एकत्र जायचं. रांगेत बोलायचं नाही, कारण आमच्या बायका बोलायला लागल्या की थांबतात, आणि थांबल्या की दुकानात शिरतात. आणि मागच्यांना पुढचं दिसावं म्हणून मी एका काठीला कापड बांधून ती उंच धरली. घरात त्या वेळी एकच मोकळं कापड होतं. पोलक्याचं उरलेलं. काळं.

अशा रीतीनं वीसेक बायका, काळ्या साड्या, ओठ घट्ट मिटलेले, पुढे काळं निशाण, असा आमचा ताफा मुख्य रस्त्याला लागला. फक्त सासूबाई हिरव्या, आणि त्या मुद्दाम चार पावलं मागून चालत होत्या, आमची ओळख नसल्यासारख्या.

रस्त्यावर दुतर्फा गर्दी होती. संक्रांतीची असेल, असं मला वाटलं. कोपऱ्यावर कॉलेजची पोरं हिरमुसून उभी होती. त्यांची सगळी निशाणं पोलिसांनी नुकतीच काढून घेतली होती. (हे मला मागाहून कळलं.) आम्हाला पाहून त्यांचे चेहरे असे उजळले, की माहेराहून माणूस आल्यावर आमचे उजळत नसतील. एक चष्मेवाला पोरगा धावत माझ्याजवळ आला, "अक्का, तुम्हीसुद्धा?" मी म्हटलं, "हो, आम्हीसुद्धा. सगळ्याच निघालोय." पोरांनी टाळ्या वाजवल्या आणि ती मुकाट्यानं आमच्या मागे दोघं-दोघं उभी राहिली. मला त्यांच्या शिस्तीचं कौतुक वाटलं.

मग ती ओरडायला लागली. "दर इळिसि!" म्हणजे भाडं उतरवा. आणि समोरून पोलिस इन्स्पेक्टर आला.

त्यानं विचारलं, पुढारी कोण? आमच्या मंडळात आजवर एकाही विषयावर एकमत झालेलं नव्हतं. त्या क्षणी झालं! सगळी बोटं माझ्याकडेच वळली.

आमचं पुढचं बोलणं अर्धं कन्नडात आणि अर्धं हातवाऱ्यांत झालं. इथे मराठीत देते.

"काळं का नेसलात?"

"आज संक्रांत आहे."

"संक्रांत आम्हालाही आहे."

"तुम्ही खाकी नेसलात, मी काही बोलले का?"

"आणि हे निशाण कशाला?"

"मागच्यांना दिसावं म्हणून."

"काय दिसावं?"

"मी."

इन्स्पेक्टरनं वही काढली आणि सगळ्यांची नावं विचारली. इथे माझी शिस्त माझ्या मुळावर आली. मी कमरेची यादी काढून दिली. नाव, नवऱ्याचं नाव, घराचा पत्ता, आणि वर्गणीसाठी लागतं म्हणून नवऱ्याचं ऑफिस! सगळ्यांत वर ह्यांचं नाव आणि पुढे "सचिवालय". इन्स्पेक्टरनं यादीकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं. अटक करून घ्यायला इतक्या तयारीनं आलेलं माणूस त्याच्या नोकरीत त्यानं पाहिलं नसावं.

तेव्हा कुठे सकाळचे पोहे आणि त्याबरोबरचं भाषण मला शब्दन् शब्द आठवलं. मी मान वर केली. पन्नास हातांवर वाचनालयाचं फाटक, फाटकात हाराचं तबक, आणि तबकाच्या मागे आमचे हे. चेहरा टोपीपेक्षा पांढरा.

मी तिथल्या तिथे निशाण खाली करून घरी वळायला हवं होतं. पण खरं सांगते, मला काय झालं कोण जाणे. मागून पोरं जोशात ओरडत होती, माणसं गच्च्यांवरून वाकून पाहत होती, ट्रॅफिक थांबला होता, आणि तो चक्क माझ्यासाठी थांबला होता! आजवर मी आवाज चढवला तो फक्त भाजीवाल्यापुढे. आणि आम्ही तरी बसनंच हिंडत होतो ना? भाडं आम्हालाही वाढलंच होतं. तेवढ्यात मंत्र्यांची मोटार आली, पोरं दम घ्यायला एक क्षण गप्प झाली, आणि त्या शांततेत एकच खणखणीत आवाज उठला, "दर इळिसि!"

तो माझा होता. काठी तर मी कधी हलवायला लागले होते, ते मलाच कळलं नाही.

मोटार थांबली. काच खाली झाली. आत मंत्री आणि शेजारी त्यांची बायको. तिनं चंद्रकळा पाहिल्या, आमच्यातल्या एका नव्या नवरीच्या अंगावरचे हलव्याचे दागिने पाहिले (एक शिपाई ते जप्त करावेत की कसं, या विचारात होता आणि मुंग्या त्याच्या आधी पोचल्या होत्या), आणि तिनं हळूच विचारलं, तुमची मागणी काय आहे?

मी काठी पदराआड लपवायला लागले. रांगेत बोलायचं नाही हा नियम बाकीच्यांनी नेमका तेव्हाच पाळला. आणि मागून, आमची ओळख नसलेल्या सासूबाई पुढे आल्या. त्यांनी मोटारीत हात घालून मंत्रीणबाईंना हळदकुंकू लावलं, दोघांच्या हातांवर तिळगूळ ठेवला आणि पिढ्यान्‌पिढ्या इथे बोलतात ते कन्नड वाक्य बोलल्या, "एळ्ळु बेल्ला तिंदु ओळ्ळे माताडि." तिळगूळ खा, चांगलं बोला. मंत्र्यांनी तिळगूळ तोंडात टाकला. तो दातांना चिकटला आहे एवढ्या वेळात सासूबाईंनी पुढचंही सांगून घेतलं. बसवनगुडीच्या देवळाला जायचं भाडं वाढलंय, म्हातारीनं चालत जायचं का? एकादशीला पोटात काही नसतं. चष्मेवाल्या पोरानं लगेच पाठोपाठ आपलं म्हणणं मांडलं. मंत्री खात होते म्हणून ऐकत होते. शेवटी ते म्हणाले, "सरी, ठीक आहे, बघू," आणि मोटार पुढे गेली. मंत्रीणबाईंच्या मांडीवर आमची चहागाळणी होती.

इन्स्पेक्टरनं आम्हाला सोडलं. त्याच्या अहवालात लिहिलं होतं, "मागणी: सर्वांनी चांगले बोलावे. जप्त: काळे निशाण एक, तिळगूळ अर्धा डबा (तपासात संपला)."

हे मात्र घरी आले आणि नुसतं छत्रीकडे बघत बसले. चार दिवसांनी साहेबांनी लेखी खुलासा मागवला. ह्यांनी लिहिलं की काळा रंग ही धार्मिक रूढी आहे, रांग ही बायकोची सवय आहे, आणि घोषणेबद्दल घरी विचारायचं धैर्य अजून झालेलं नाही. तो खुलासा घेऊन साहेबांनी ह्यांना समोर उभं केलं. मी घरी देव पाण्यात ठेवले होते, सासूबाई माळ ओढत होत्या.

साहेब म्हणाले म्हणे, "तुमच्या घरात असा पुढारी आहे, तर मोर्चे कसे निघतात हे तुमच्याइतकं इथे कोणाला कळणार?" आणि सही केली. हे सुपरिंटेंडेंट झाले. टेबल कुठलं मिळालं? मिरवणुका आणि निदर्शनं यांच्या परवानगीचं!

पुढच्या संक्रांतीला मी शहाणपणानं आधीच रीतसर अर्ज केला. वेळ, मार्ग, साड्यांचा रंग, सगळं लिहून. आठवड्यात उत्तर आलं, ह्यांच्याच वळणदार सहीचं. परवानगी नाकारण्यात येत आहे. कारण: पुढाऱ्याची पूर्वीची वर्तणूक समाधानकारक नाही.