थो झोपून राहिला

नागपुरात मनीषनगरला रेल्वेचं फाटक होतं तेव्हाची गोष्ट. मी घरून दाढी करून निघायचो आणि त्या फाटकावर उभा राहून पलीकडे पोचेपर्यंत पुन्हा दाढी वाढलेली असायची. हे मी बायकोच्या माहेरी सांगितलं होतं आणि त्यांनी ते मान्य केलं होतं. म्हणजे माझी थाप कुठपर्यंत चालते हे लक्षात यावं. पुढे जे सांगणार आहे त्यात मात्र मी फार भर घातलेली नाही. घालायला जागाच नव्हती.

माझी भाची, म्हणजे थोरल्या ताईची मुलगी, मिहानमधल्या एका कंपनीत गेम बनवते. पत्त्यांचे नव्हे, मोबाइलवरचे. एका उन्हाळ्यात ती माझ्याकडे आली आणि म्हणाली, "मामा, एक गाणं लिहून दे. पूजेचं. पण आपल्या इथलं नको, गेममधल्या देशाचं पाहिजे."

त्या देशात, तिनं सांगितलं, एक काळा डोह होता आणि डोहाच्या तळाशी एक जनावर निजलेलं होतं. ते निजलेलं होतं म्हणून गावं उभी होती. दरवर्षी सात बायका काठावर जाऊन एकेक कडवं म्हणत, की त्याची झोप वर्षभरासाठी पक्की.

"सहाशे वर्षं जुनं वाटलं पाहिजे," भाची म्हणाली.

"हजार घे," मी म्हणालो. "माझं काय जातं?"

एका दुपारी सहा कडवी झाली. पहिलं असं होतं:

हळू बोला, हळू चाला,
बांगडीलेही चिंधी घाला,
डोहाखाली, गाळाखाली
थो झोपून राहिला.

आता यातली गंमत नागपूरकरालाच कळते. 'थो' म्हणजे 'तो', ते सोडा. पुण्यात जनावर 'झोपून राहिलं' म्हणजे ते झोपलं ते झोपलंच, विषय संपला. आमच्याकडे 'झोपून राहिला' म्हणजे आत्ता, या घटकेला झोपला आहे. पुढच्या घटकेचं कोणी सांगावं? म्हणून त्या बायकांना थांबता येत नव्हतं. भाचीच्या अंगावर काटा आला. माझ्याही आला, पण मी तो कूलरच्या हवेवर ढकलला.

सातवं कडवं काही जमेना. खरं सांगायचं तर जेवण झालं होतं आणि झोप येत होती. मी भाचीला ठोकून दिलं, "सातवं लिहायचं नसतं. जी बाई ते म्हणते तिचा आवाज त्या जनावराकडे जातो. ती पुन्हा बोलत नाही."

कंपनीला ती थाप इतकी आवडली की अख्खा गेम सातव्या कडव्यावर बेतला गेला.

गायला ताई. दुसरं कोण गाणार? ताईनं भुलाबाईची गाणी म्हटली की चार गल्ल्यांतल्या बायका आपापल्या ओट्यावरून साथ धरत, आणि बुटीबोरीकडे जाणारे ट्रक हॉर्न वाजवायचे बंद होत. तिच्याच घरी, गाद्यांच्या खोलीत, भाचीनं माइक लावला. आवाज नको म्हणून कूलर बंद, पंखा बंद, खिडकीला रजई. भर मे महिना. फडताळातली मेणबत्ती न पेटवता वाकली. पाच कडवी सुरेख झाली. सहाव्याला ताईचा आवाज मधूनच फाटला, जुन्या चादरीसारखा.

"काही नाही," ती म्हणाली. "घसा सुकला."

दोन दिवसांनी आम्ही तिला कान-नाक-घशाच्या डॉक्टरकडे नेलं. डॉक्टर नवे, पुण्याकडचे. ताई म्हणाली, "आवाज बसून राहिला, डॉक्टर." तिला म्हणायचं होतं, हल्ली गाताना जरा बसतोय. त्यांनी ऐकलं, आवाज बसला तो बसलेलाच राहिला. लगेच नाकातून नळी घातली, कॅमेऱ्यानं पाहिलं. स्वरतंतूवर गाठ होती. नीट समजलं असतं तर बहुधा गुळण्या देऊन परत पाठवलं असतं.

"गाठ काढावी लागेल," ते म्हणाले. "आवाज पूर्वीसारखा राहील, असं मी सांगू शकत नाही."

ताई घरी आली, चहा प्यायली आणि म्हणाली, "सातवं लिह्य."

"काय वं ताई, वेड लागलं का तुले?"

"काहून? भेऊन राहिला का बे?"

"मी नाही लिहीत."

"लहानपणापासून जगाले थापा मारल्या, अन् आता तुलेच तुझी थाप चावून राहिली."

"ताई, आवाज गेला तं..."

"गाऊन गेला तं लोक म्हणतील, गाण्यापायी गेला. न गाता गेला तं फुकट गेला. लिह्य."

मी लिहिलं. तिच्याच जेवणाच्या टेबलावर, विजेच्या बिलाच्या पाठीवर. शब्द इतके पटापट आले की मलाच आवडलं नाही.

दिवे मालवा, दारं लावा,
आल्या साती, गेल्या सहा,
डोहाखाली कोणी नाही,
थो उठून राहिला.

दुपारी तीनला ताई गायली. आवाज एकदाही फाटला नाही. मी तिला पन्नास वर्षं ऐकत आलोय, असं कधी ऐकलं नव्हतं. खाली गाडीच्या सावलीत पडलेलं कुत्रं शेवटच्या ओळीला उठलं आणि उन्हात जाऊन उभं राहिलं. हे कदाचित योगायोगानं. पण भाचीनं कानावरचा हेडफोन काढला आणि विचारलं, "आई, संपल्यावर श्वास कोणी घेतला?" ताईनं तोंड मिटलेलं होतं. मी दारात होतो. मी काही ऐकलं नाही. ऐकलं ते भाचीनं, आणि आमच्या घराण्यात खरं बोलणारी ती एकटीच आहे.

ऑपरेशन गुरुवारी झालं. गाठ साधी निघाली. डॉक्टरांनी दोन आठवडे मौन सांगितलं, अगदी कुजबुजायचंही नाही. ताई खाणाखुणा करायची. घर इतकं गप्प झालं की शेजारीण दोनदा येऊन पाहून गेली. मी रोज जायचो आणि एकटाच बडबडायचो. ती हसायची, पण मध्येच हसणं सोडून आपल्या गळ्याकडे कान दिल्यासारखी बसायची.

पंधराव्या दिवशी डॉक्टर तपासून म्हणाले, "जखम छान भरली. घरी जाऊन हळूहळू बोला." आम्ही घरी आलो. ताई स्वयंपाकघरात खुर्चीवर बसली. भाची समोर, मी ओट्याशी. ताईनं तोंड उघडलं.

आवाज आला. गेला नव्हता, आला. भाची रडायला लागली होती ती मध्येच थांबली. तो आवाज ताईचा नव्हता. खोल होता, ओला होता आणि फार दिवस न वापरलेला होता. डॉक्टर म्हणालेच होते की बदलेल.

"भूक लागून राहिली गा," तो म्हणाला.

काय खातेस म्हणून मी विचारलं नाही. घरात होतं नव्हतं ते सगळं ताटात वाढलं.