एका ओळीच्या दोन विधवा

विषय : कामावर असता मयत झालेला शिपाई बिरा याच्या दोन विधवांचा कुटुंब-पेन्शनचा अर्ज.
संदर्भ : सदर विधवांनी सोलापूरला घातलेले हेलपाटे.

उपरोक्त विषयी निवेदन की, पेन्शनच्या टेबलावर माणूस वर्षानुवर्षे बसला की फायलींबरोबर किस्सेही साठतात. फायलींना निदान वाळवी लागते. किस्से आपण चहाबरोबर चारचौघांना वाटतो, तरी ते संपत नाहीत. खालचे सगळे एकाच फायलीतले आहेत.

*

बिरा पोलीस शिपाई. सरकारी खजिन्याच्या गाडीबरोबर पहाऱ्यावर असताना गाडी उलटली, त्यात गेला. अशा शिपायाच्या विधवेला पेन्शन मिळे. थोड्या दिवसांनी सांगोल्याकडून दोन बाया आल्या. थोरली सगुणा, धाकटी तानू. तानूच्या कडेवर मुलगी. दुष्काळात मेंढरे गेलेली. आता पेन्शन मिळाले तर चूल पेटणार, अशी अवस्था. व्हरांड्यात दोघी एकाच घोंगडीवर बसल्या, एकाच फडक्यातली भाकरी खाल्ली.

मी विचारले, "यातली बायको कोण?"

"आमी दोघीबी," सगुणा म्हणाली.

"तसं चालत नाही. फॉर्मवर विधवेच्या नावाला ओळ एकच आहे."

"मग वळ लांब करा की, सायेब!"

सबंध ऑफिस हसले. सर्वांत मोठ्याने मी. ओळ मात्र कोणी लांब केली नाही.

*

आमचे शिरस्तेदार कायद्याचे पक्के. ते म्हणाले, "दोन नावं म्हणजे वाद. एकमेकींविरुद्ध अर्ज घ्या. वादच नसेल, तर निकाल कशावर देणार?"

माझी मराठी ऑफिसात नावाजलेली. दोन्ही अर्ज मीच लिहिले. सगुणेच्या अर्जात लिहिले, "प्रतिपक्षी तानू ही मयताने नुसती ठेवलेली बाई असून..." तानूच्या अर्जात लिहिले, "प्रतिपक्षी सगुणा ही वांझ म्हणून मयताने टाकून दिलेली..." मी ठसक्यात वाचून दाखवले.

तानू म्हणाली, "ही कुनाची गोष्ट हाय?"

"तुमच्या अक्काची."

"अक्का तर ही काय, हितं बसलीया!"

"बाई, हे नुसतं कागदावर असतं. मनावर घ्यायचं नाही."

तानूचा हात पुढे होईना. शेवटी तिचा अंगठा धरून शाईला लावला, तो सगुणेने!

आमचा पट्टेवाला हुसेनभाई दारातूनच बोलला, "रावसाब, सौतन तो बिरा लाया, झगड़ा तुमे लाए!"

मी त्याला पाणी आणायला पिटाळले. मला तहान नव्हती.

*

मग लग्नाचा पुरावा मागवला. मी तानूला विचारले, "तुमच्या लग्नाला हजर असलेलं कोण आहे?"

"अक्काच की! हळद तिनंच लावली."

सगुणा म्हणाली, "व्हय सायेब. मला पोर न्हाय, म्हनून मीच बघून आनली तिला. लई गुनाची हाय."

मी शिरस्तेदारांकडे पाहिले. त्यांनी नकारार्थी मान हलवली. मी शेरा मारला : "साक्षीदार हीच प्रतिपक्षी असल्याने तिची साक्ष ग्राह्य नाही."

*

गावी चौकशीला सर्कल इन्स्पेक्टर गेले. त्यांचा रिपोर्ट आला : "दोघी एकाच चुलीवर जेवतात, सबब वाद खरा दिसत नाही."

शिरस्तेदार उखडले. "म्हणजे दोन्ही अर्ज खोटे! विभक्त राहत असल्याचा पुरावा मागवा."

तो मागवणारे पत्रही माझ्याच अक्षरात गेले. पुढच्या खेपेला तानू हसत आली. "येगळी चूल मांडली बगा, सायेब!"

"आता वेगळं जेवता?"

"न्हाय वो! ती पेटवतच न्हाय. सर्कल सायेबास्नी दावायला हाय ती."

सर्कल साहेब पुन्हा गेले. रिपोर्ट आला : "चुली दोन. वाद सिद्ध."

त्या दिवशी शिरस्तेदारांनी सगळ्यांना भजी खिलवली!

*

मी रिटायर झालो तेव्हा निरोपाच्या समारंभात हे सगळे किस्से रंगवून सांगितले. 'वळ लांब करा की'ला टाळ्या पडल्या. हुसेनभाई तेवढा मागे उभा होता. तो हसला नाही. माझे स्वतःचे पेन्शन पहिल्याच महिन्यात सुरू झाले. फॉर्मवर माझ्या नावाला एक ओळ पुरली.

एक किस्सा मात्र मी त्या दिवशी सांगितला नाही.

वाद सिद्ध झाल्यावर नियम असा, की एकीच्या अर्जाची नक्कल दुसरीला पाठवायची. मी सुवाच्य अक्षरात दोन्ही नकला काढल्या आणि रवाना केल्या. दोघींना वाचता येत नव्हते. गावच्या मास्तरांनी चावडीवर, सगळ्या गावासमोर, मोठ्याने वाचून दाखवल्या. ठेवलेली, वांझ, टाकून दिलेली. एक शब्द गाळला नाही.

पुढच्या खेपेला सगुणा एकटीच आली. घोंगडी नव्हती. ती व्हरांड्याच्या फरशीवर बसली.

मी सवयीने म्हणालो, "काय बाई, आज एकट्याच? धाकट्या सरकार कुठं राहिल्या?"

तिने माझ्या टेबलावरच्या दौतीकडे पाहिले. मग म्हणाली,

"दुसरी चूल पेटली, सायेब."

सदर अर्ज अद्याप निकालाविना प्रलंबित आहे.