ओढ्यातले बाहेरचे मासे

२००४ साली आम्ही अर्विंगहून न्यू मेक्सिकोच्या डोंगरात गेलो होतो. दिवसभर वाळवंटातून ड्राइव्ह केल्यावर एक थंडगार ओढा लागला आणि नवरा पँट दुमडून पाण्यात उतरला. मी फाइल घेऊन काठावर बसले. पासपोर्ट, व्हिसा, कंपनीचं पत्र, सगळं त्या फाइलीत. दूध आणायला जातानाही मी ती नेत असे. नवरा हसायचा. हसेना का!

तेवढ्यात युनिफॉर्ममधला एक माणूस पायवाटेने उतरून थेट आमच्याकडे आला. त्याने तोंड उघडायच्या आत मी फाइल पुढे केली. तो गोंधळलाच. वनखात्याचा माणूस निघाला. त्याला एवढंच सांगायचं होतं, की पाण्यात जपून चाला, इथे हीला ट्राउट आहेत. बारीक काळ्या ठिपक्यांचा एक पिवळाधमक मासा त्याने दाखवला. फक्त इकडच्याच डोंगरी ओढ्यांत सापडतो म्हणे, आणि आता फार थोडे उरलेत.

एवढ्यासाठी कोण खाली उतरून येतं? मला काही पटेना. "मग इतके कमी का उरलेत?" मी खोदून विचारलं.

"बाहेरच्या माशांनी यांना संपवत आणलं," तो प्रेमाने म्हणाला. "म्हणून आम्ही ओढ्यात विष टाकून बाहेरचे सगळे मारले आणि हे पुन्हा सोडले."

नवरा "ग्रेट, ग्रेट" करत होता.

"पण ते बाहेरचे आले कसे?"

"आम्हीच आणले होते. तेव्हा हवे होते."

गाडी सुरू करण्याआधी नवऱ्याने मागे वळून पाहिलं. "फाइल घेतलीस ना?"