मामांकडचा कड्याचा शब्द

आधी कबुली देतो: माझ्या बायकोच्या मामांना मी गणपतीच्या कार्यक्रमात सगळ्यांसमोर खोटं पाडलं, आणि चूक माझी होती. लीड्सच्या आमच्या मराठी मंडळींत मामांइतका निरुपद्रवी आणि मामांइतका अंगावर काटा आणणारा माणूस दुसरा नव्हता. हॉस्पिटलात ते पेशंटांचं रक्त काढायचे. सुई टोचण्याआधी विचारायचे, "तुमच्या भाषेतला असा एक शब्द द्या, जो इथे कुणालाच लागत नाही." पेशंट आठवत बसे, तोवर ट्यूब भरलेली असे. मग आमच्याकडे वरणभात कालवता कालवता मामा शांतपणे सांगत, "ही पोलिश बाई मंगळवारी गेली. तिचा शब्द आता माझ्याकडेच आहे." बायको ओरडे, "मामा, जेवताना तरी नको हो!"

दक्षिण आफ्रिकेतल्या एका म्हाताऱ्याने त्यांना 'क्रान्स' दिला होता. आफ्रिकान्समध्ये क्रान्स म्हणजे उभा कडा. मूळ डच शब्दाचा अर्थ मात्र डोक्यावर घालायची फुलांची गोल माळ, कारण खडक डोंगरमाथ्याला तसाच वेढून असतो. हे पटवायला मामा मला ऑक्टोबरातल्या धुक्यात यॉर्कशरच्या एका कड्यावर घेऊन गेले आणि ओरडले, "क्रान्स!" उत्तर समोरून आलं, मग डावीकडून, आणि बऱ्याच वेळाने पाठीमागून, जिथे नुसतं सपाट माळरान होतं. "बघा जावईबापू," मामा कुजबुजले, "वेढा पूर्ण झाला." परतताना मी एकदाही मागे पाहिलं नाही.

त्या भीतीचा मी सूड घेतला. पुढच्या गणपतीत मामा मुलांना तोच शब्द समजावत होते आणि माईक माझ्या हातात होता. "कड्याला माळ? मग डोंगराला नवरदेव म्हणत असतील! मामा, थापा तरी पटतील अशा मारा!" हॉल हसला. मामाही हसले. पण त्यानंतर त्यांनी पेशंटांकडे शब्द मागणं सोडलं. त्यांच्या वॉर्डातली नर्स बायकोला म्हणाली, "आता ते नुसतं रक्त काढतात."

वर्षभराने लायब्ररीतल्या जाड डिक्शनरीत तो शब्द मला सापडला, मामांनी सांगितलेल्या अर्थासकट. तरीही मी आणखी आठ महिने गप्प राहिलो. मामा रिटायर झाल्यावर एका रविवारी गेलो. दार त्यांनीच उघडलं.

"या जावईबापू. चहा टाकतो."

"चहा नंतर, मामा." कोटही न काढता मी म्हणालो, "तुम्ही खरं सांगत होता. मी त्या कड्यावर घाबरलो होतो, आणि ते लपवायला तुमचं हसं केलं. माझं चुकलं. मला माफ करा."