कोपरचा वरचा फलाट

कोपरला एकावर एक अशी दोन स्थानके आहेत. खालच्यावर गर्दी असते. वरच्यावर, दिवा-वसई मार्गावर, मोजक्याच गाड्या थांबतात. या मार्गावरची निवांत स्थानके पाहावीत म्हणून सकाळी वर चढलो, तेव्हा फलाटावर फक्त एक कुत्रा होता.

गाडीने खाडी ओलांडली. खारफुटी संपली आणि गोदामांचे पत्रे सुरू झाले. खारबावला मी एकटाच उतरलो. चहाची टपरी बंद होती.

बाकावर कोपरकडे जाणाऱ्या गाडीची वाट पाहत हिराबाई बसल्या होत्या. त्या धवलारीण (आगरी लग्नात धवले, म्हणजे विधींची गाणी, म्हणणारी बाई). कोपर गावात पूजा नावाच्या मुलीची हळद होती. जात्यात हळदीची पहिली मूठ टाकताना धवलारणीने नवरीचे नाव घेऊन गायचे, अशी रीत.

"हल्ली बोलावणी येतात?"

"यंदाचा ह्यो एकच."

फोन वाजला. नवरीचा काका होता. "मावशे, कय पोचलीस?"

"ठेसनान हाय. जाता मांडून ठेवा. मी आल्याबिगर मूठ टाकू नका."

"बामन घाई करतंय गो."

"त्याला चा पाजा."

दोन मालगाड्या गेल्या. मीही त्याच गाडीने परतणार होतो, पण ती येईना. हिराबाईंनी तांदळाची भाकरी आणि सुकट काढून अर्धी मला दिली. "खा. गाता गाता माना खावाला नाय भेटाचा." काकाचा फोन पुन्हा आला नाही.

ऊन चढल्यावर आम्ही कोपरला उतरलो. फलाटावरून खालचा मांडव दिसत होता. स्पीकरवर धवला चालू होता. हिराबाई जिन्याच्या तोंडाशी थांबल्या.

"कोण गातंय?" मी विचारले.

"मीच. मागचे लग्नान पोरांनी फोनमधी भरलेला."

गाण्यात नवरीचे नाव आले. सोनी. मांडवात कोणी मान वर केली नाही. जात्याभोवतीच्या बायका हसत होत्या.

"सोनी दुसरे घरची. हिचा नाव पूजा," हिराबाई म्हणाल्या.

"मग खाली जाऊन सांगा ना."

"मूठ परली. आता सांगून काय कराचा?"

त्या परत फिरल्या आणि फलाटावरच्या बाकावर बसल्या. खारबावची गाडी संध्याकाळी होती. थांबू का, असे विचारले. त्यांनी मान हलवून नको म्हटले.

निवांत स्थानके पाहायला गेलो होतो. ती पाहून झाली. मी जिना उतरून खालच्या फलाटावर आलो. तिथेही स्पीकरवरचा हिराबाईंचा आवाज स्पष्ट ऐकू येत होता. वर त्या गप्प बसल्या होत्या.