पाठीवरचं आडनाव

गच्चीवरच्या दोरीवर आज धाकट्या भावाच्या पाच जर्सी वाळत घातल्या आणि माझं डोकंच फिरलं. आडनाव आमचं इंगळे. पण एकीच्या पाठीवर इंग्रजीत 'इंगल', दुसरीवर 'इंगोले', तिसरीवर तर चक्क 'अंगाले'! इंग्रजीत ळ नाही हे मान्य, पण म्हणून दर मोसमाला माणसाचं नवं बारसं करायचं? पाच गावं, पाच फुटबॉल संघ. हा खेळतो मधल्या फळीत. म्हणजे मागच्यांच्या चुका निस्तरायच्या, पुढच्यांना चेंडू पुरवायचा आणि पेपरात नाव गोल मारणाऱ्याचं. अशी माणसं सगळीकडेच असतात. त्यांच्यावाचून काम अडतं, पण त्यांचं नाव नीट विचारून घ्यायला कुणाला सवड नसते.

“अरे, पण तू सांगायचंस ना त्यांना!” मी ओरडलेच.

तो कठड्याला टेकून गुडघ्याला पट्टी गुंडाळत होता. मान वर न करता म्हणाला, “ताई, नवी छापून येईपर्यंत मी त्या संघात असतो का?”

मी पाचही जर्सी काढल्या, उलट्या करून पुन्हा वाळत घातल्या. उन्हानं रंग विटतो म्हणून, असं त्याला सांगितलं.