जरा वळा बाई

“जरा वळा बाई. ओढणी बाजूला करा. साहेबांना भरतकाम दिसू द्या.”

हे बोलणारा विरोधी पक्षाचा नव्हता. माझा वकील होता. मीच नेमलेला.

यवतमाळला परवान्याची सुनावणी होती. आमचा तांडा ते दिग्रस काळी-पिवळी चालवायची म्हणून मी अर्ज केला होता. त्या रस्त्यावर एकाच मालकाची मिनीबस धावते. ती तांड्यात येत नाही, फाट्यावरच उतरवून देते. तिथून पायपीट. माझी मुलगी दिग्रसला कॉलेजात जाते. फाट्यावर टवाळ पोरं बसलेली असतात, म्हणून ती बॅगेत दगड ठेवते. त्याच मालकानं हरकत घेतली होती, की तांड्याला दुसऱ्या गाडीची गरजच नाही.

माझा वकील मोठ्या घरातला. बाप वकील, आजा वकील. आदल्या दिवशी फोनवर म्हणाला, तुमचा तो पारंपरिक पोशाख घालून या, साहेबांचं मन पाघळेल. मी पुसदला दुसऱ्याच्या गाडीवर ड्रायव्हर आहे. खाकी शर्ट घालते, वर बिल्ला. तरी ऐकलं. म्हटलं, शिकलेला माणूस आहे, त्याला कायदा कळतो. याडीचा, म्हणजे आईचा, फेटिया घागरा घातला. आरशांची कांचळी घातली. याडी ती तीजेच्या सणाला घालते, तेव्हा काय ताठ चालते!

कांचळीला मागे कापड नसतं, नाड्या असतात. म्हणून वर ओढणी. ती बाजूला करा म्हणाला, मी केली. वळले. माझी उघडी पाठ टेबलापलीकडच्या पुरुषांकडे. तोंड भिंतीकडे. भिंतीवर वाहतुकीच्या नियमांचं पोस्टर होतं, ते वाचत उभी राहिले.

मागे वकील सांगत होता, साहेब, भटके लोक आहेत, अडाणी आहेत, दया करा. फाट्याबद्दल एक शब्द नाही. बसबद्दल नाही. नुसती दया.

मग विरोधी वकील बोलला.

“बैल हाकणाऱ्या जमातीच्या हाती प्रवाशांचा जीव द्यायचा का, साहेब?”

खोलीत हशा पिकला. माझा वकीलही हसला. त्याचं हसू मला वेगळं ऐकू आलं आणि डोक्यात सणक गेली. हाकले बैल. रस्ते नव्हते तेव्हा बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून आमच्या लोकांनी मुलूख पोसला. तेव्हा यांच्या घरची चूल आम्ही आणलेल्या मिठावर चालायची. तेव्हा कुणी हसलं नाही.

मी ओढणी ओढून घेतली. सरळ झाले.

“साहेब, मले दया नाही पायजे. लायसन हाय, बिल्ला हाय. त्यायची बस तांड्यात काहून येत नाही, ते इचारा.”

साहेब फाइलमध्येच बघत म्हणाले, “तुमचे वकील बोलताहेत ना? मध्ये बोलू नका.”

“मंग हा माहा वकील नाही.”

बाहेर व्हरांड्यात वकिलानं मला गाठलं. तुमच्या लोकांना उपकाराची जाणीवच नसते, म्हणाला. मी माझे कागद त्याच्या बगलेतून काढून घेतले.

अर्ज फेटाळला गेला. गरज सिद्ध झाली नाही म्हणे. नवरा चिडला. गप्प राहिली असती तर परवाना मिळाला असता, असं तो अजूनही म्हणतो. मिळालाही असता. पण उघडी पाठ दाखवून मिळवलेल्या परवान्याच्या गाडीत मी माझ्या मुलीला कोणत्या तोंडानं बसवलं असतं?

याडीचा पोशाख तिला परत दिला. त्याची मला लाज नाही. लाज त्याचा तमाशा करणाऱ्यांनी बाळगावी. येत्या तीजेला मी तो घालणार आहे आणि तांड्यात मन भरून नाचणार आहे.

अपील केलं आहे. तारखेला खाकी शर्टात जाणार, बिल्ला लावून. फाट्यापासून तांड्यापर्यंतच्या रस्त्याबद्दल मीच बोलणार. हरले तर पुन्हा अर्ज करीन, पुन्हा हरले तर पुन्हा. मालकानं ठरवावं त्याला किती वर्षं वकील पोसायचे आहेत.

आणि त्या खोलीत कुणीही वळा म्हणालं, तरी मी वळणार नाही.